याद्या करणाऱ्यांच्या गावात

रविवार, रात्री

उळवन एक्स्प्रेस चेन्नई एग्मोरहून सुटली तशी ताईने डबा उघडला आणि मी दासबोध. ताई म्हणजे माझी मावसबहीण. लग्नानंतर ती चेन्नईचीच होऊन गेली आणि तामिळ आता तिला मराठीपेक्षा सोपी जाते. तंजावरला एकटी गेले तर रिक्षावाल्याशीही बोलता येणार नाही म्हणून तिला ओढून आणली. साड्या बघायच्या, या एका अटीवर ती आली.

दासबोधातला मला हवा होता तो एकोणिसाव्या दशकाचा पहिला समास, लेखनक्रियानिरूपण. मोडीच्या वर्गात मी तो पहिल्याच दिवशी वाचायला लावते. अध्यात्म म्हटलं की डोळे मिटणारी माणसं इथे जागी होतात, कारण समर्थ इथे बोरू, कागद, शाई, हिंगूळ अशा अगदी हातातल्या वस्तूंवर बोलतात. पान शिसाने आखून घ्या, ओळीला ओळ भिडू देऊ नका, पहिल्या अक्षरापासून शेवटच्या अक्षरापर्यंत एकाच टाकाने लिहिल्यासारखं दिसू द्या. आणि माझी सर्वांत आवडती ओवी:

बहु बारिक तरुणपणीं । कामा नये म्हातारपणीं ।
मध्यस्त लिहिण्याची करणी । केली पाहिजे ॥

चष्मा लागल्यापासून ही ओवी जास्तच पटते.

हे नियम नुसते सांगितले गेले की पाळलेही गेले, हे मला बघायचं होतं. धुळ्याला वाग्देवता मंदिरात रामदासी हस्तलिखितं पाहिली आहेत. शंकर श्रीकृष्ण देवांनी मठामठांतून गोळा केलेला तो संग्रह आहे. पण तो आपल्या मुलखातला. समर्थांचे शिष्य कावेरीकाठी गेले, तंजावरला भीमस्वामींचा आणि मन्नारगुडीला मेरुस्वामींचा मठ झाला. तिथे बसून, आजूबाजूला तामिळ आणि तेलुगू ऐकत ज्यांनी पोथ्या उतरवल्या त्यांचं वळण कसं राहिलं असेल?

ताई म्हणाली, "झोप आता. पोथ्या कुठे पळून जात नाहीत."

खरं तर जातात, पण ते पुढे.

सोमवार

पहाटे उतरलो, लॉजवर सामान टाकलं आणि इडली खाऊन थेट बृहदीश्वर. पहिल्या राजराजाने १०१० च्या सुमारास पुरं केलेलं हे देऊळ. शिखराच्या उंचीबद्दल सगळेच लिहितात, मी जोत्याबद्दल लिहिते. मान वर करून चालणाऱ्यांना ते दिसतच नाही. जोत्याचा दगड न् दगड तामिळ अक्षरांनी भरलेला आहे आणि त्या मजकुरात स्तुती कमी, याद्या जास्त. देवाला कोणता दागिना दिला, त्यात मोती किती, वजन किती. देवळात नाचणाऱ्या चारशे स्त्रियांची तर नावानिशी नोंद आहे: ही कोण, कुठल्या देवळातून आली, कोणत्या आळीत, कोणत्या रांगेत, कितव्या घरात राहते. हजार वर्षांपूर्वीचा पत्ता, घर क्रमांकासह. ताई मोठ्याने वाचायचा प्रयत्न करत होती, पण ते वळण तिलाही लागेना. एवढ्यात शाळेची सहल आली आणि आम्ही बाजूला झालो.

याच राजराजाची एक कथा तामिळ मुलखात पोराटोरांना ठाऊक आहे. अप्पर, संबंधर आणि सुंदरर या तीन शैव संतांची पदं त्याच्या काळापर्यंत विस्कटून गेली होती. कुणी सांगितलं की चिदंबरमच्या देवळात एका बंद खोलीत ताडपत्रं आहेत. राजा गेला, तर पुजारी म्हणाले, ज्यांनी पदं रचली ते तिघे येतील तेव्हाच खोली उघडेल. तिघांनाही जाऊन शतकं लोटलेली. राजाने त्यांच्या मूर्ती वाजतगाजत आणल्या आणि दारात उभ्या केल्या, हे घ्या, आले! खोली उघडली तर ताडपत्रांवर वाळवीचं वारूळ. तेल ओतून माती सोडवली, हाती लागलं तेवढं वाचवलं आणि नंबियांडार नंबीने त्याची मांडणी केली. कथाच आहे, इतिहास म्हणून घेऊ नये. पण ज्याने कुठल्याही देवस्थानात पोथी मागून बघितली आहे, त्याला यातला पुजारी अगदी ओळखीचा वाटेल. मलाही एका गावी (नाव सांगत नाही) सोवळ्याचं कारण देऊन बंद कपाट लांबून दाखवलं होतं. कपाटाच्या पायाशी लाकडाचा भुगा पडलेला दिसत होता.

दुपारच्या उन्हात फरशी तापली. पाय पोळत आम्ही प्राकाराच्या नैऋत्य बाजूला गेलो. इथे भिंतीवर मराठी आहे! दुसऱ्या सरफोजीराजांनी १८०३ मध्ये भोसले घराण्याचा इतिहास दगडावर कोरून घेतला. मजकूर चिटणीस बाबूराव यांचा. मराठीतला सर्वांत मोठा शिलालेख म्हणून तो सांगितला जातो. अक्षर बाळबोध, म्हणजे देवनागरी, ओळी लांबच लांब, जवळ गेल्याशिवाय काहीच सुटं दिसत नाही. एका ओळीवर बोट धरून मी पाच-दहा हात चालले असेन. पहाऱ्यावरच्या माणसाला शंका आली. ताईने त्याला तामिळमध्ये काय सांगितलं कोण जाणे, तो हसला आणि मला सावलीतली ओळ दाखवू लागला.

हा मजकूर वाचताना दरबारी थाट जाणवतो. वंशावळ फुगवून सांगितली आहे, पराक्रमही. पण कंपनीशी करार करून १७९९ मध्ये राज्याचा कारभार सोडलेल्या राजाने चार वर्षांत आपल्या घराण्याची कहाणी दगडावर घातली, यात मला त्याची घाईच दिसते. कागदावर त्याचा भरवसा नव्हता असं मात्र नाही. ते उद्या दिसलंच.

मंगळवार

सरस्वती महाल, म्हणजे तंजावरच्या राजांचं ग्रंथालय. राजवाड्याच्या आवारातच आहे. पर्यटक तिकीट काढून छोटं संग्रहालय बघतात आणि बाहेर पडतात. हस्तलिखितं बघायची तर अर्ज, ओळखपत्र, कारण. माझी तयारी होती.

संग्रहालय झटकन उरकलं. माणसाचे चेहरे आणि प्राण्यांची तोंडं शेजारी शेजारी ठेवणारी फ्रेंच चित्रकार ल ब्रुनची चित्रं, चिनी शिक्षांची चित्रं. ताईला नेत्ररोग्यांच्या नोंदी आवडल्या: राजेसाहेब मोतीबिंदूच्या रोग्यांचे डोळे चित्रकाराकडून काढून घेत आणि केसपेपर ठेवत.

मग वाचनकक्ष. तुमची पोथी येईपर्यंत वाट बघा, असं सांगून मला टेबलाशी बसवलं. तेवढ्यात या संग्रहाचा उगम सांगून टाकते. ग्रंथालय मुळात मराठ्यांआधीच्या नायक राजांचं. १६७६ च्या आसपास व्यंकोजीराजे तंजावरचे धनी झाले आणि त्यांच्या वंशजांनी ते वाढवलं. व्यंकोजींचे पुत्र शहाजीराजे तर स्वतः नाटकं लिहीत, मराठीतही. सांगलीला विष्णुदास भाव्यांनी सीतास्वयंवर केलं १८४३ मध्ये. त्याच्या दीडशे वर्षं आधी इथे मराठी नाटक चालू होतं. पण संग्रहाला आजचं रूप दिलं ते दुसऱ्या सरफोजींनी (१७७७–१८३२). राज्य हातचं गेल्यावर किल्ल्यापुरता अधिकार आणि तनखा उरला. तो माणूस त्यातून ग्रंथ घेत सुटला. १८२० च्या सुमारास मोठा लवाजमा घेऊन काशीला गेला, तर तिथूनही पोथ्या आणल्या. ज्या विकत मिळेनात त्या पंडितांकडून उतरवून घेतल्या.

आज इथे सगळ्यात जास्त आहेत ती संस्कृत हस्तलिखितं. ताडपत्रं 'ग्रंथ' नावाच्या दक्षिणी लिपीतली आणि तेलुगू लिपीतली, कागद बहुतेक देवनागरी. मराठी हस्तलिखितं ३,००० च्या वर, शिवाय मोडी दफ्तराची गाठोडी वेगळी. सगळंच राजाचं नाही. लांडगे, कागलकर, पतंग अवधूत अशा घराण्यांनी आपापले संग्रह नंतर इथे आणून दिले. ही नावं वाचून मला उगाच गावाकडचं माणूस भेटल्यासारखं झालं.

पोथी आली. दासबोध नव्हे, रामदासी परंपरेतलं एक सुटं बाड होतं. लाकडी पाट्या, त्यावर दोरा, दोऱ्याखाली फडकं. कर्मचाऱ्याने गाठ सोडली आणि वेखंडाचा वास आला. आपल्याकडे बाळाला उगाळून लावतात तेच वेखंड. इथे ते मिरी, लवंग, दालचिनी, कापूर यांच्याबरोबर कुटून पुरचुंडी करून गाठोड्यात ठेवतात. कसर लागत नाही. हल्लीच्या रसायनांपेक्षा मला हे बरं वाटतं. निदान वाचणाऱ्याला ठसका लागत नाही.

पान आडवं, वीतभर रुंद, घोटलेला कागद. अजूनही उजेडात धरलं की चकाकतो. चारी बाजूंनी दोन बोटं जागा सोडलेली, समासाच्या उभ्या रेघा हिंगुळाच्या. ओवीचे दंड आणि आकडे लाल, मजकूर काळाभोर. काजळाची शाई उडत नाही, हे माहीत असूनही दर वेळी नवल वाटतं. एके ठिकाणी अख्खं चरण पिवळं दिसलं. तो हरताळ. चुकलेलं अक्षर खोडायचं नाही, त्यावर हरताळाचा लेप द्यायचा आणि वाळल्यावर वरून नीट लिहायचं. या लेखकाने लेप दिला, पण वर लिहायचं राहून गेलं. जागा तशीच पिवळी. काय लिहायचं होतं ते मूळ प्रतीत बघायला उठला असेल आणि कुणीतरी जेवायला हाक मारली असेल.

आणि कडा. कडा पार झडल्या होत्या. खालचा उजवा कोपरा तर पान उलटणाऱ्या अंगठ्यांनी गोल करून टाकलेला. पण झड मजकुरापर्यंत पोचली नव्हती. एकही अक्षर गेलं नव्हतं. मी बाड टेबलावर ठेवलं, वही उघडली आणि रविवारी रात्री गाडीत वाचलेली ओवी शोधली:

भोवतें स्थळ सोडून द्यावें । मधेंचि चमचमित ल्याहावें ।
कागद झडतांहि झडावें । नलगेचि अक्षर ॥

कागद झडणार हे धरूनच चाला, म्हणून समास सोडा. सज्जनगड कुठे, हे टेबल कुठे! लेखकाचं नाव नाही, शक नाही, शेवटचं पान हरवलेलं. पण नियम पाळणारा माणूस होता एवढं नक्की कळलं. वळण मात्र आपल्यासारखं नव्हतं. काही अक्षरांचे गोल जरा जास्तच गोल, हाताला तेलुगूची सवय असावी असे. हा माझा तर्क, तज्ज्ञ काय म्हणतील ते म्हणोत.

हे बाड माझ्यासमोर आलं कसं? राजाने जमवलं म्हणून, हे अर्धं उत्तर झालं. त्याला क्रमांक आहे म्हणून मी तो अर्जावर लिहू शकले. हे क्रमांकाचं काम कुणी केलं ते आपण विचारत नाही. तंजावरला आर्थर बर्नेल नावाचा जिल्हा न्यायाधीश होता. कोर्ट सांभाळून त्याने राजवाड्यातल्या संस्कृत हस्तलिखितांची वर्गवार सूची केली, ती १८८० मध्ये लंडनला छापून झाली. तोवर तब्येत खचलेली, १८८२ मध्ये वयाच्या बेचाळिसाव्या वर्षी गेला. १९१८ मध्ये ग्रंथालय लोकांसाठी खुलं झालं आणि १९२८ पासून पी. पी. एस. शास्त्री यांची वर्णनात्मक सूची खंडामागून खंड निघत गेली. हजारो गाठोडी सोडायची, पहिली ओळ आणि शेवटची ओळ उतरवायची, पानं मोजायची, पुन्हा बांधायची. पुतळे असल्या माणसांचे होत नाहीत. सरफोजींचा आहे, पांढऱ्या संगमरवराचा, इंग्रज शिल्पकार फ्लॅक्समनने घडवलेला, पलीकडच्या दरबार हॉलमध्ये हात जोडून उभा. देखणा आहे, त्यात वाद नाही.

संध्याकाळी ताईची साडी झाली. दोन झाल्या.

बुधवार

सकाळी बसने कुंभकोणम. फिल्टर कॉफी पितळी डबऱ्यात आली आणि ताईने ती हातभर उंचीवरून खालीवर करून दाखवली. इथल्या सरकारी कॉलेजात उ. वे. स्वामिनाथ अय्यर तामिळ शिकवत. १८८० मध्ये गावच्या मुन्सिफाने त्यांना सहज विचारलं, चिंतामणी वाचलंय का? म्हणजे सीवकचिंतामणी, जैन कवीचं जुनं तामिळ महाकाव्य. पंडिताने ते पाहिलंसुद्धा नव्हतं. तिथून त्यांचं आयुष्यच फिरलं. गावोगाव हिंडून ताडपत्रं मिळवली, जैन घरांत जाऊन अर्थ समजून घेतले आणि १८८७ मध्ये ते छापलं. पुढे संगम काळातले, म्हणजे तामिळमधले सर्वांत जुने, ग्रंथ एकामागून एक काढले.

हिंडताना त्यांना जे दिसलं ते मोठं दुःखाचं आहे. तामिळ पंचांगातल्या आडी महिन्याच्या अठराव्या दिवशी, नदीला पूर आला की, घरातल्या जुन्या ताडपत्रांच्या जुड्या पाण्यात सोडायची चाल होती. आपल्याकडेही जीर्ण पोथी गंगेला मिळवतात, त्यामुळे मला धक्का बसला नाही. यामागे मुळात शहाणपणच असणार. ताडपत्र या हवेत दोन-तीनशे वर्षं टिकलं तरी पुष्कळ. म्हणून नवी प्रत करायची, पडताळायची आणि जुनीला मानाने निरोप द्यायचा. पुढे प्रती करणारे संपले, निरोप देणारे तेवढे राहिले.

तिथून मयिलाडुदुरै, तिथून तरंगंबाडी. दुपार झाली. समुद्र एकदम समोर येतो आणि काठावर डेन्सबोर्गचा पिवळट किल्ला. १६२० पासून १८४५ पर्यंत हे डॅनिश लोकांचं ठाणं होतं. माझं तिथे जायचं कारण म्हणजे बार्थोलोमेउस त्सीगेनबाल्ग, १७०६ मध्ये आलेला जर्मन पाद्री. आला ख्रिस्ती धर्म शिकवायला. मुलांच्या शाळेत वाळूत बोटाने अक्षरं गिरवत तामिळ शिकला आणि ताडपत्रांच्या नादी लागला. दोन वर्षांत त्याने आपल्या संग्रहाची सटीप यादी केली, त्यात शंभरावर तामिळ ग्रंथ. ग्रंथाचं नाव, कोणाचा, कशावर, लोक त्याला कितपत मानतात.

ते ग्रंथ मिळाले कसे हेही त्याने लपवलेलं नाही. आपले लेखनिक तो दूरदूरच्या गावी पाठवी आणि ते ब्राह्मण विधवांकडून पोथ्या विकत घेत. नवरा गेला, पोथी वाचणारं कुणी उरलं नाही, घरात दाणे हवेत. हे वाचलं की माझ्या पोटात कालवतं. संग्राहकांच्या गोष्टी आपण शोधाच्या आनंदाने सांगतो, पण विकणाऱ्या बाईला त्या दिवशी काय वाटलं याची नोंद कुठेच नसते. दुसरी बाजूही आहे. ती पोथी त्याने घेतली नसती तर ती आडी महिन्यात कावेरीत गेली असती आणि तिचं नावही आज कळलं नसतं. यातलं काय बरं, हे ठरवायला मी बसले नव्हते. मी किल्ल्याच्या पायरीवर लिंबूसोडा पीत बसले होते.

छापखान्याची कथा तर नाटकात शोभेल. लंडनच्या धर्मप्रसारक मंडळींनी छापयंत्र धाडलं. जहाज ब्राझीलपाशी फ्रेंचांच्या हाती लागलं, बरोबर निघालेला मुद्रक वाटेतच वारला. यंत्र मात्र १७१२ मध्ये पोचलं. तामिळ खिळे, म्हणजे छपाईची धातूची अक्षरं, जर्मनीत हाले गावी ओतून घेतले होते, ते निघाले मोठे. बायबलचा नवा करार त्या खिळ्यांनी छापायचा तर कागद पुरेना. मग इथेच लहान खिळे ओतायचं ठरलं. शिसं कुठून आणायचं? लंडनहून चीज यायचं त्या डब्यांचं शिसं वितळवलं. कागदासाठी शेजारच्या पोरैयारला गिरणी काढली. १७१५ पर्यंत नवा करार छापून झाला. चार वर्षांनी त्सीगेनबाल्ग गेला, वय अवघं छत्तीस. १७१८ चं न्यू जेरुसलेम चर्च रस्त्यालाच आहे, तो तिथेच पुरला आहे.

किल्ल्यातलं संग्रहालय छोटं. भांडी, नाणी, एक होडी. ताई समुद्राकडे तोंड करून फोनवर बोलत बसली होती. परतीची बस उभ्याने.

गुरुवार

पुन्हा सरस्वती महाल. आज मोडी. एक गाठोडं सोडून मिळालं. कोठीचा हिशेब होता, तूप इतकं, तांदूळ इतके, अमक्या उत्सवाला इतके ब्राह्मण. धार्मिक पोथ्यांच्या शोधात आलेल्यांनी दफ्तर टाळू नये. पोथी उतरवणाऱ्याला काय दिलं, कागद कुठून आला, कोणत्या कीर्तनकाराला शाल मिळाली, हे सगळं दफ्तरातच सापडतं. इथली मोडी लपेटीची, घाईची. माझ्या वर्गातली पोरं रडली असती. मी अर्ध्या दिवसात दीड पान लावलं आणि मान आखडून घेतली.

दुपारनंतर श्वार्ट्‌झचं चर्च, शिवगंगा तलावाजवळ, १७७९ चं. ख्रिस्तियन फ्रीडरिख श्वार्ट्‌झ १७५० मध्ये तरंगंबाडीला उतरलेला, म्हणजे त्सीगेनबाल्गच्याच गादीवरचा. पोरक्या सरफोजीचा तो पालक झाला आणि त्याच्या शिक्षणाकडे त्याने लक्ष दिलं. आत भिंतीवर संगमरवरी शिल्प आहे: श्वार्ट्‌झ मरणशय्येवर, आणि त्याचा हात हातात घेऊन तरुण राजा. हेही फ्लॅक्समनचंच. राजाने गुरूसाठी इंग्रजीत मृत्युलेखही रचला. स्वतः मात्र शेवटपर्यंत शिवभक्त हिंदू राहिला.

ही साखळी लक्षात घेतली की सरफोजींचा छापखाना आकाशातून पडल्यासारखा वाटत नाही. १८०५ च्या सुमारास त्यांनी राजवाड्यात देवनागरी खिळ्यांचा छापखाना घातला, नाव नवविद्याकलानिधी. तिथे 'बाळबोध मुक्तावली' निघाली, इसापाच्या गोष्टींचं मराठी. म्हणजे मराठी पुस्तकं छापण्याचा उद्योग मुंबई-पुण्याच्या आधी बंगालात श्रीरामपूरला आणि कावेरीकाठी तंजावरला झाला. आमच्या मराठीच्या पाठ्यपुस्तकात याला किती ओळी आल्या होत्या ते मला आठवत नाही. आल्याच असतील तर अर्धी.

शुक्रवार

रात्रीच्या गाडीपर्यंत मोकळा दिवस होता. ताईच्या यजमानांच्या ओळखीतलं एक तंजावर मराठी घर पश्चिम वीथीच्या बाजूला आहे, तिथे जेवायला बोलावणं होतं. दारात कोलम, आत तुळजाभवानीची तसबीर. काका निवृत्त शिक्षक, काकू नऊवारीत नव्हत्या, कांचीपुरम साडीत होत्या. मराठी आमची आणि त्यांची दोन्ही मराठीच, पण त्यांची तामिळच्या चालीवर हेलकावते. एकमेकांचं ऐकायला दोन वाटी भात जावा लागला. मग गाडी रुळावर आली. (सांबाराचा शोध तंजावरच्या मराठ्यांनी लावला ही कथा काकांनी सांगितली नाही, मीही काढली नाही. दोघेही सुटलो.)

जेवण झाल्यावर काकांनी माळ्यावरून पत्र्याची ट्रंक उतरवली. "आमच्या आज्यांपासूनच्या आहेत. बाळबोध वाचायला येईनासं झालं घरात. पोरगा म्हणतो ग्रंथालयाला देऊन टाका. हिचा जीव होत नाही."

"देण्याआधी काय आहे ते तरी लिहून ठेवू या का काका?" मी विचारलं. "दिलंत तरी यादी तुमच्याकडे राहील."

जमिनीवर चादर अंथरली. काकांच्या जुन्या शाळेच्या हजेरीवहीची मागची पानं घेतली. क्रमांक, नाव, लिपी, पानं, पहिली ओळ, शेवटची ओळ, अवस्था. पहिलं निघालं श्रीधरांचं रामविजय, अर्धंच, कसरीने जाळी केलेली. मग मनाचे श्लोक, छापील, मुखपृष्ठ नाही. शिवलीलामृताचा अकरावा अध्याय सुटा, हळदीकुंकवाने माखलेला, म्हणजे रोज वाचलेला. कीर्तनाचं बाड, पूर्वरंग बराच, आख्यान कोणतं ते पान निखळल्यामुळे कळेना. साक्या आणि दिंड्या मात्र स्पष्ट. पत्रिका. जमाखर्च. ताई पानं मोजत होती आणि मी लिहीत होते. काका प्रत्येक गाठोडं पुन्हा बांधताना विचारत, "हे चांगलं आहे का?" मी सांगत होते की सगळंच लिहायचं, चांगलं-वाईट नंतर.

तळाशी शाळकरी वही होती, रेघांची, निळ्या शाईची. अक्षर तामिळ. मी ती बाजूला ठेवली. ताईने सहज उघडली, दोन ओळी वाचल्या आणि म्हणाली, "अगं, ही मराठी आहे."

काकूंच्या सासूबाईंची वही. त्यांना मराठी बोलता येई, लिहिता फक्त तामिळ येई. म्हणून घरात म्हणायची पदं, आरत्या, पाळणे त्यांनी तामिळ अक्षरांत उतरवले. ग्रंथालयात गेली असती तर ती कुठल्या कपाटात ठेवायची यावर वाद झाला असता.

मला लिपी येत नव्हती, ताईला पदं माहीत नव्हती. ती वाचू लागली, मी बाळबोधीत उतरवू लागले. पण तामिळमध्ये क, ख, ग, घ या सगळ्यांना एकच अक्षर, त, थ, द, ध यांनाही एकच. ताई वाचे "रामतास", मी लिही रामदास. तिथपर्यंत सोपं होतं. पुढे "कोट" आलं. हे कोट, की कोड, की गोड, की घोड? संदर्भ लावूनही एकही अर्थ धड बसेना. आम्ही त्या ओळीवर अडून राहिलो.

स्वयंपाकघरातून काकू हात पुसत आल्या. त्यांनी वहीकडे पाहिलंही नाही. "कुठलं? ते होय," म्हणाल्या आणि पाळण्याच्या चालीवर ओळ म्हणून दाखवली. गोड. मी लिहून घेतलं. मग पुढची ओळही त्यांनी म्हटली, जी वहीत नव्हती.

"काकू, थांबा. पहिल्यापासून म्हणा," ताई म्हणाली आणि फोन रेकॉर्डिंगला लावून त्यांच्यासमोर ठेवला. काकूंनी आधी फोनकडे, मग काकांकडे पाहिलं, पदर सारखा केला. गाडीला अजून तीन तास होते. यादीत मी वहीपुढे लिहिलं: लिपी तामिळ, भाषा मराठी, पदे मोजायची आहेत, काही काकूंकडे.